जॅम घट्ट होणं वेगळं आणि टिकणं वेगळं: स्ट्रॉबेरी, करवंदं आणि बेळगावची उंची

खानापूरच्या एका ताईंनी विचारलंय. जानेवारीत महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी आणून जॅम केला, रेसिपीत लिहिल्याप्रमाणं थर्मामीटर लावून बरोबर १०५ डिग्रीला गॅस बंद केला, तर तो बाटलीत इतका घट्ट झाला की चमचा शिरेना, आणि महिन्याभरात आत साखरेचे खडे दिसायला लागले. मग मे महिन्यात करवंदाचा केला, तो भीतीनं लवकर उतरवला, छान जमला, थंड करून बरणीत भरला, पण गणपतीपर्यंत त्याच्यावर पांढरी बुरशी. आता प्रिझर्व्हेटिव्ह घालायचं का, बाटल्या घरी सील कशा करायच्या, त्याला बाहेरचं मशीन लागतं का, आणि उरलेल्या घट्ट स्ट्रॉबेरी जॅमचं काय करायचं, असं सगळं एकदम विचारलंय. मी बरीच वर्षं हे काम करते, बचत गटांच्या बायकांना शिकवते पण, आणि हे दोन्ही प्रकार मला सारखे विचारले जातात, म्हणून जरा सविस्तरच लिहिते.

ताई, पहिल्यांदा हे सांगते की तुमचा हात चुकलेला नाही, रेसिपी आपल्या गावासाठी लिहिलेली नाही. १०५ डिग्री हा आकडा समुद्रसपाटीचा. तिथं पाणी १०० ला उकळतं आणि साखर ६५ टक्क्यांवर आली की मिश्रण त्याच्यापेक्षा साधारण साडेचार डिग्री वर उकळतं, म्हणून १०४-१०५. आता बेळगाव साधारण अडीच हजार फुटांवर, इथं पाणी साडेसत्त्याण्णवच्या आसपासच उकळतं, खानापूर थोडं खाली आहे पण फरक अर्ध्या डिग्रीच्या आतला. म्हणजे आपल्याकडं जॅम १०२ ला झालेला असतो. तुम्ही १०५ ची वाट बघत बसलात तेवढ्यात साखर जवळपास ७५ टक्क्यांवर गेली. साध्या घरातल्या तापमानाला पाण्यात साखर विरघळून राहू शकते ती साधारण ६७ टक्क्यांपर्यंत, त्याच्यावरची ती कधी ना कधी खडे होऊन बाहेर येणारच. तुमच्या बाटलीत तेच झालंय. चोर्ला घाट उतरून खाली गोव्यात तीच रेसिपी, तोच थर्मामीटर, बरोबर जमेल.

त्यामुळं आकडा पाठ करू नका. जॅम करायच्या आधी त्याच थर्मामीटरनं साधं पाणी खळखळ उकळवून किती दाखवतंय ते बघायचं, त्यात साडेचार मिळवायचे, तो तुमचा आकडा. याचा दुसरा फायदा असा की स्वस्तातले थर्मामीटर एक-दोन डिग्री इकडंतिकडं दाखवतात ती चूक पण आपोआप निघून जाते.

मी स्वतः मात्र थर्मामीटरपेक्षा वजनकाट्यावर जास्त विश्वास ठेवते आणि बायकांना पण तेच शिकवते, कारण वजनाला उंचीचं काही देणंघेणं नाही. रिकामं पातेलं आणि आतला कालथा एकत्र वजन करून कागदावर लिहून ठेवायचं. १ किलो निवडलेली स्ट्रॉबेरी, ७५० ग्रॅम साखर. स्ट्रॉबेरीत ९० टक्क्यांवर पाणीच असतं, तिची स्वतःची साखर वगैरे धरून ८०-९० ग्रॅम, म्हणजे एकूण ८३०-८४० ग्रॅम. हे ६६ टक्के व्हायला हवं असेल तर तयार जॅमचं वजन साधारण १२५० ते १२८० ग्रॅम यायला पाहिजे. सुरुवातीला १७५० होतं, म्हणजे अर्धा किलो पाणी आटवायचंय, बस. काट्यावर लाकडी पाट ठेवायचा (गरम पातेलं डायरेक्ट ठेवलं तर डिजिटल काटा खराब होतो), पातेलं गॅसवरून उचलून पाटावर, बघायचं, १४०० दिसलं तर परत गॅसवर, अजून चार-पाच मिनिटं. एकदा ही सवय लागली की "अजून किती आटवूचं की?" हा प्रश्नच राहत नाही.

बशीची परीक्षा जुनी आहे आणि चांगली आहे, ती पण करा. बशी आधी फ्रीजरमध्ये ठेवायची, त्यावर थेंब टाकून मिनिटभर थांबायचं आणि बोटानं ढकलायचं, वरती सुरकुती पडली तर बसला. आणि बशी बघत असताना गॅस बंद ठेवा, नाहीतर तेवढ्या वेळात जॅम पुढं निघून जातो.

पण इथंच तुमच्या करवंदाच्या जॅमचं उत्तर आहे. बशी फक्त घट्टपणा सांगते, जॅम टिकेल का ते सांगत नाही, आणि आपण सगळ्याजणी या दोन गोष्टी एकच समजतो. घट्टपणा येतो पेक्टिन (फळातलाच, जाळं धरून जॅम बसवणारा पदार्थ), आंबटपणा आणि साखर यांच्या जोडीनं. टिकणं येतं ६५ टक्क्यांवरची साखर, आंबटपणा आणि गरम असताना हवाबंद होणं यातून. स्ट्रॉबेरीत पेक्टिन कमी, म्हणून ती आटून आटून मगच बसते, तोवर साखर पुरेशी झालेली असते. करवंदात पेक्टिन भरपूर आणि आंबटपणा तर विचारूच नका, त्यामुळं त्याचा जॅम साखर ५५-६० टक्क्यांवर असतानाच बसायला लागतो. हिशेबच करून बघा. १ किलो गर आणि ९०० ग्रॅम साखर, गरातलं धरून ९७० ग्रॅमच्या आसपास. तो १७०० ग्रॅमला उतरवला तर साखर झाली ५७ टक्के. बशीवर सुरकुती पडणार, पळीवरून पदर पडणार, दिसायला एकदम तयार. पण ५७ टक्क्यांवर बुरशी आरामात वाढते. तोच १४५० ते १४८० पर्यंत आटवला असता तर बुरशीला तग धरणं अवघड झालं असतं. म्हणून करवंद, आवळा, पेरू असल्या पेक्टिनच्या फळांना बशीवर सोडू नका, काटाच वापरा.

दुसरं कारण म्हणजे थंड करून भरणं. ही आपली लोणच्याची सवय. लोणच्यात मीठ आणि वर तेलाचा थर असतो, तिथं चालतं ते. जॅम उघडा ठेवून गार केला की त्या तीन-चार तासांत हवेतले बुरशीचे कण वर बसतात, मग झाकण कितीही घट्ट लावा, शत्रू आत घेऊनच लावलं. आणि आपला पावसाळा! खानापूर-जांबोटी-कणकुंबीकडं चार महिने भिंती ओल धरतात, मीठ पाणी सोडतं, तिथं अर्धवट बंद बरणी कशी टिकणार. मे महिन्यातला जॅम हा मुळात पावसाळा काढण्यासाठीच करायचा असतो असं समजून बाटली बंद करायची.

मशीन लागत नाही. प्रेशर कॅनर म्हणून जे दाखवतात (वाफेच्या दाबाखाली बाटल्या तापवायचं भांडं) ते कमी आंबट वस्तूंसाठी, म्हणजे भाज्या, मटण, डाळी, कारण त्यात बॉट्युलिझमची, म्हणजे बंद डब्यात वाढणाऱ्या जंतूंच्या जीवघेण्या विषबाधेची, भीती असते आणि ते जंतू नुसत्या उकळत्या पाण्यानं मरत नाहीत. पीएच म्हणजे आंबटपणाचं माप, आकडा जितका कमी तितकं आंबट; ४.६ च्या खाली ते वाढत नाहीत, आणि स्ट्रॉबेरी, करवंदं, आवळा त्याच्या चांगलेच खाली आहेत. त्यामुळं जॅमला उकळत्या पाण्याचं पातेलं पुरतं. आपला नेहमीचा कुकर कॅनर म्हणून शिट्ट्या काढून वापरू नका, बाटल्या तडकतात आणि आत नक्की किती ताप लागला ते कळत नाही. कुकरचं मोठं भांडं शिट्टी-झाकण न लावता नुसतं उंच पातेलं म्हणून वापरलं तर हरकत नाही.

बाटल्या २५० मिलीच्या घ्या, जाड काचेच्या, पिळून बसणाऱ्या पत्र्याच्या झाकणाच्या. झाकणाच्या आतल्या कडेला रबरासारखा मऊ थर असतो, तोच गरम झाल्यावर मऊ होऊन काचेला बसतो आणि सील करतो. म्हणून झाकण दरवेळी नवीन. बाजारच्या जॅमच्या जुन्या बाटल्या धुऊन वापरता येतात पण त्यांचं जुनं झाकण नको, त्या थरावर आधीच्या काचेचा खळगा पडलेला असतो. झाकणं सुटी मिळतात, बाटल्यांच्या होलसेल दुकानात माप सांगून घ्यायची. बाटलीच्या तोंडावर नख फिरवून बघा, कुठं टवका असेल तर ती बाटली मसाल्याला ठेवा, जॅमला नको.

आता भरणं. बाटल्या साबणानं धुऊन गरम पाण्यात बुडवून गरमच ठेवायच्या, कारण गरम जॅम गार काचेत ओतला की बाटली तडकते. जॅम उतरवल्यावर फेस काढायचा (उकळताना चिमूटभर तूप टाकलं तर फेसच कमी येतो), स्ट्रॉबेरीचा असेल तर पाच-सात मिनिटं थांबून एकदा हलवून घ्यायचा म्हणजे फळाचे तुकडे वर तरंगत नाहीत, आणि लगेच भरायचा. वर पाव इंच जागा सोडायची, जास्त पण नाही कमी पण नाही. मग सगळ्यात महत्त्वाचं काम, जे घाईत राहून जातं: बाटलीचं तोंड ओल्या स्वच्छ फडक्यानं पुसायचं. तिथं जॅमचा एक थेंब जरी राहिला तरी झाकण बसत नाही आणि पावसाळ्यात बुरशी बरोबर त्याच थेंबावरून आत जाते. मग झाकण लावायचं.

उंच पातेल्याच्या तळाशी जाड सुती फडकं नाहीतर जाळी, बाटली डायरेक्ट तळाला टेकू द्यायची नाही. पाणी आधीच चांगलं गरम पाहिजे, आणि ते झाकणांच्या वर निदान एक इंच. पाणी खळखळ उकळायला लागल्यापासून १० मिनिटं मोजायची. परदेशी रेसिपीत ५ मिनिटं लिहिलेलं असतं, ते पण १ हजार फुटांच्या आतल्या गावांना. त्याच्यावर ६ हजार फुटांपर्यंत १० मिनिटं, म्हणजे बेळगाव, खानापूर, आंबोली, सगळे त्यातच आले, पाणी कमी तापाला उकळतं म्हणून वेळ वाढवायचा. गॅस बंद करून पाच मिनिटं तसंच, मग बाटल्या सरळ उचलून लाकडी पाटावर फडकं अंथरून ठेवायच्या, मध्ये बोटभर अंतर, फॅन बंद. गार होताना एकेक झाकण टक् असा आवाज करून आत ओढलं जातं. दुसऱ्या दिवशी झाकणाच्या मध्यावर बोट दाबून बघा, खालीवर होत असेल तर सील झालेलं नाही, ती बाटली फ्रीजमध्ये ठेवून आधी संपवायची.

काहीजणी गरम जॅम भरून बाटली उलटी करून ठेवतात, त्यात पण झाकण आत ओढलं जातं म्हणून ते सोपं वाटतं. पण ते सील कच्चं असतं आणि वरच्या हवेला पुरेसा ताप लागत नाही. वर मेण ओतायची पण पद्धत होती, मेण आकसतं, कडेनं फट पडते. एवढे कष्ट करून शेवटची दहा मिनिटं वाचवू नका हो.

स्ट्रॉबेरीबद्दल थोडं. सीझन साधारण डिसेंबर ते मार्च, कोल्हापूरमार्गे आपल्याकडं येते. जॅमला शेवटाकडची स्वस्त मऊ झालेली पेटी घ्यायचा मोह होतो, पण अति पिकलेल्यात पेक्टिन उरलेलं नसतं. पाऊण भाग पिकलेली आणि पाव भाग देठाकडं पांढरट असलेली, असं मिश्रण चांगलं बसतं. देठ काढायच्या आधी धुवायची, नंतर धुतली तर पाणी पिते. साखर घालून रात्रभर फ्रीजमध्ये ठेवली की पाणी सुटतं आणि तुकडे अख्खे राहतात. १ किलोला दोन मोठ्या रसदार लिंबांचा रस, विजयपूर जिल्ह्यातल्या इंडीकडची लिंबं मिळाली तर उत्तम, अर्धा सुरुवातीला अर्धा उतरवायच्या आधी. नाहीतर लिंबूसत्त्व २ ते ३ ग्रॅम. लिंबू चवीपुरतं नाही बरं का, आंबटपणा नसेल तर पेक्टिन जाळं धरतच नाही. बाजारची पेक्टिन पावडर नको असेल तर एक कच्चट पेरू चिरून थोड्या पाण्यात शिजवून गाळून ते पाणी घाला, पेरूत पेक्टिन चिक्कार. मात्र त्याचं पाणी पण आटवायचंय हे वजनात धरा.

रुंद पातेलं, स्टीलचं. ॲल्युमिनियम किंवा कल्हई उडालेलं पितळ अजिबात नको, आंबट फळ धातू खातं. साखर विरघळेपर्यंत मंद, आणि एकदा विरघळली की गॅस पूर्ण मोठा. मंद आचेवर तासभर रटरट शिजवला की रंग तपकिरी होतो आणि पेक्टिन पण मोडतं. याच कारणानं एका वेळी १ किलो, फार तर दीड किलो फळ. तीन किलो एकदम घातलं तर वेळ वाचत नाही, उलट आटायला दुप्पट वेळ लागतो आणि जॅम सैल राहतो, तो मग कितीही आटवा.

करवंदं मे महिन्यात खानापूर, जांबोटी, चोर्ल्याकडच्या बायका पाटीतनं घेऊन येतात, पानाच्या द्रोणातली. जॅमला पिकलेली काळी तीन वाटे, लालसर कच्ची एक वाटा. त्याचा पांढरा चीक फार त्रास देतो, म्हणून हाताला तेल लावून देठ काढायचे आणि मिठाच्या पाण्यात तासभर ठेवून दोनतीनदा धुवायची. किलोला अर्धा लिटर पाणी घालून मऊ शिजवायची, साखर आता नाही, साखर आधी पडली की साल वातड होते. मग स्टीलच्या चाळणीवर घासून बी वेगळी करायची, उरतो तो जांभळट लाल दाट गर. तो वजन करून घ्यायचा आणि मग १ किलो गराला ९०० ग्रॅम साखर. याला लिंबू नको, पेक्टिन नको, काहीच नको. तळाला पटकन लागतो म्हणून शेवटची पाच मिनिटं हात थांबवायचा नाही, आणि लांब कालथा घ्या, हा जॅम उडतो आणि उडालेला थेंब हातावर पडला तर फोड येतो. बेकरीच्या केकवरच्या लाल चेरी बऱ्याचदा पाकातली करवंदंच असतात, एवढं हे फळ साखरेला धरून राहतं, आणि आपण ते नुसतं मीठ लावून खातो नाहीतर लोणच्यात घालतो याचं मला नेहमी वाईट वाटतं.

जांभळाचं पण असंच करता येतं, फक्त त्याला किलोला एक लिंबू. तुती मात्र जपून. आपल्याकडची गोड तुती आंबटपणाला फार कमी, कधी कधी ४.६ च्या वर जाऊ शकते, त्यामुळं लिंबूसत्त्व मोजून घातल्याशिवाय तुतीच्या बाटल्या बाहेर ठेवू नका, मी तर तुतीत अर्धी करवंदं किंवा आवळ्याचा गर घालते, चव पण सुधारते.

साखर कमी करून चालेल का, गूळ चालेल का, हे पुढं येणारच म्हणून सांगते. साखर कमी केलेला जॅम खायला चांगला लागतो, पण तो फ्रीजमधला जॅम, तीन-चार आठवड्यांत संपवायचा. गुळानं रंग काळपट होतो, आंबटपणा थोडा मरतो, आणि गुळात पाणी किती हे नक्की नसल्यानं वजनाचा हिशेब चुकतो. आपल्या भागात साखर कारखाने गल्लोगल्ली असल्यासारखे आहेत, साधी स्वच्छ पांढरी साखर घ्या.

प्रिझर्व्हेटिव्हचं म्हणाल तर घरच्या जॅमला गरज नाही. साखर ६५ च्या वर, आंबटपणा नीट, गरम भरणं आणि दहा मिनिटं उकळणं, एवढं केलं तर बंद बाटली अंधाऱ्या थंड कपाटात वर्षभर राहते. केएमएस (पोटॅशियम मेटाबायसल्फाइट, सरबतात वगैरे घालतात ते प्रिझर्व्हेटिव्ह) तर लाल फळांत घालूच नका, रंग फिका पडतो. विकायचा विचार असेल तर एफएसएसएआयची (केंद्र सरकारची अन्नसुरक्षा संस्था) नोंदणी लागते, आणि जॅम या नावानं विकायला त्यात ६५ टक्के विद्राव्य (विरघळलेले, मुख्यतः साखर) घटक असावेच लागतात, तेव्हा काटा तिथंही कामी येतो. शंका आली तर म्हैसूरची सीएफटीआरआय ही संस्था फळप्रक्रियेचं प्रशिक्षण देते.

बुरशी आलेली करवंदाची बरणी टाकून द्या, ताई. वरचं काढून खालचं खाऊ नका, बुरशीची विषं दिसत नाहीत आणि खालपर्यंत उतरलेली असू शकतात.

स्ट्रॉबेरीचा घट्ट जॅम मात्र वाया गेलेला नाही. त्याला बुरशी नाही, वास बरोबर आहे ना ते बघा. सगळ्या बाटल्यांतला एकत्र पातेल्यात काढून वजन करा, दर किलोला १२५ ते १३५ मिली गरम पाणी आणि एका लिंबाचा रस, आणि अगदी मंद आचेवर सगळे खडे विरघळेपर्यंत हलवा, एकही खडा शिल्लक ठेवू नका नाहीतर त्याच्यावर परत खडे जमतात. मग मोठ्या आचेवर दोन मिनिटं उकळी, गरम बाटल्यांत, नव्या झाकणांनी, दहा मिनिटं पाण्यात. पेक्टिन दोनदा तापल्यामुळं थोडा सैल राहील, पण चपातीला आणि ब्रेडला लावायला चांगला होईल, आणि साखर पुन्हा ६६ च्या आसपास आल्यामुळं टिकेल पण.